पंधरा फेऱ्या झाल्या, तरी कार्ड साधंच का?

वाचकांचे प्रश्न, जाणकारांची उत्तरं

विमान कंपन्यांच्या सभासद योजनांवर या वेळी पत्रांचा ढीग पडला. निम्म्याहून अधिक पत्रांचा सूर एकच होता: ‘एवढा फिरतो, पण सिल्व्हर-गोल्ड काही मिळत नाही.’ एकसारखे प्रश्न एकत्र करून उत्तरं दिली आहेत.

प्रश्न (फोंडा): कुंडईच्या औषध कारखान्यात नोकरी. वर्षाला दिल्लीच्या पंधराएक फेऱ्या होतात, तिकिटं कंपनीचा ट्रॅव्हल डेस्क काढतो. मिळेल त्या विमानाने जातो. तीन ठिकाणी सभासद आहे, पण तिन्हीकडे सगळ्यांत खालच्या पायरीवर. कुठे चुकतं?

उत्तर: तीन ठिकाणी सभासद आहात, तिथेच चुकतं. पंधरा फेऱ्या तीन खात्यांत वाटल्या की प्रत्येक खात्यात पाचच पडतात, आणि पाच फेऱ्यांत वरची पायरी सहसा मिळत नाही. पण एवढंच कारण असतं तर पत्राला दोन ओळींत उत्तर झालं असतं.

आधी एक फरक डोक्यात पक्का करा. खात्यात दोन वेगळे आकडे असतात. एक खर्च करायचे पॉइंट्स किंवा माइल्स. त्यातून फुकट तिकीट मिळतं. दुसरा आकडा पायरी ठरवणारा. त्याला कोणी टियर पॉइंट्स म्हणतं, कोणी टियर माइल्स, कतार एअरवेज क्यूपॉइंट्स म्हणते. हा आकडा वापरता येत नाही, कुणाला देता येत नाही, आणि मुदत संपली की पुन्हा शून्यापासून सुरू होतो. ॲप उघडल्यावर मोठ्या अक्षरात दिसतो तो बहुधा पहिला. तुम्हाला हवाय दुसरा.

हा दुसरा आकडा मोजायच्या दोन मुख्य पद्धती आहेत. एक पैशावर: तिकिटाला किती मोजले त्यावर पॉइंट्स. एअर इंडियाची योजना 2024 पासून अशी झाली, इंडिगोची ब्लूचिपही तशीच. यात मूळ भाडं आणि कंपनीने स्वतः लावलेला अधिभार धरतात; जीएसटी, विमानतळाचं शुल्क वगैरे वगळतात. त्यामुळे सात हजारांच्या तिकिटावर सात हजारांचे पॉइंट्स पडतील हा हिशेब सोडून द्या. आगाऊ काढलेलं स्वस्त तिकीट कंपनीच्या फायद्याचं, पायरीच्या तोट्याचं.

दुसरी पद्धत अंतरावर. गोवा ते दिल्ली हवाई अंतर सुमारे 1,500 किलोमीटर, म्हणजे साधारण 935 मैल. पंधरा फेऱ्यांचे तीस सेक्टर, म्हणजे एकेरी उड्डाणं झाली; त्यांचे 28,000 मैल. एअर इंडियाने केलेल्या प्रवासाचे माइल्स भागीदार कंपनीच्या योजनेतही घालता येतात. त्यातल्या सिंगापूर एअरलाइन्सच्या क्रिसफ्लायरमध्ये बारा महिन्यांत 25,000 एलिट (म्हणजे पायरीच्या) माइल्सना सिल्व्हर मिळतं. मग झालं की काम! नाही. अंतराला टक्केवारी लागते, आणि ती ठरते बुकिंग क्लासच्या अक्षरावर. हे अक्षर म्हणजे इकॉनॉमी-बिझनेस नव्हे. एकाच इकॉनॉमीत दहा-बारा अक्षरं असतात, आणि शेजारच्या सीटवरच्या माणसाचं अक्षर तुमच्याहून वेगळं असू शकतं. 100 टक्केवाल्या अक्षरावर 28,000 मिळतील, 50 टक्केवाल्यावर 14,000, 25 टक्केवाल्यावर सात हजार. काही अक्षरांवर भागीदार कंपनी शून्य देते. ई-तिकिटावर उड्डाण क्रमांकाच्या जवळपास ‘क्लास’च्या रकान्यात हे एकच अक्षर असतं. ते शोधा, आणि ज्या योजनेत माइल्स घालायचे तिच्या संकेतस्थळावरच्या तक्त्यात त्यापुढे किती टक्के लिहिलेत ते बघा. दोन मिनिटांचं काम, पण न केल्यामुळे वर्ष वाया जातं.

आता तुम्ही काय करायचं? मागच्या बारा महिन्यांतली सगळी ई-तिकिटं काढा. कंपनी, अक्षर आणि मूळ भाडं असे तीन रकाने मांडा. ज्या कंपनीच्या फेऱ्या नैसर्गिकपणे जास्त पडतात तिथलंच खातं धरा. एकमेकींच्या सभासदांना माइल्स आणि सवलती देणाऱ्या विमान कंपन्यांचे आंतरराष्ट्रीय गट असतात. इंडिगो अशा कुठल्याही गटात नाही, तेव्हा तिथली पायरी इतर कंपन्यांच्या लाउंजला कामाची नाही. देशातच फिरत असाल तर तेवढी पुरते. एअर इंडिया 2014 पासून स्टार अलायन्स या गटात आहे. परदेशी फेऱ्याही होत असतील तर तिचं वजन जास्त. मग ट्रॅव्हल डेस्कला सांगून तुमच्या प्रोफाइलमध्ये तोच एक क्रमांक कायमचा नोंदवून घ्या. डेस्कवाले क्रमांक घालायला विसरतात हे गृहीत धरून वेब चेक-इनच्या वेळी स्वतः तपासा. तिकिटाचे पैसे मालकाने भरले तरी पॉइंट्स प्रवास करणाऱ्यालाच मिळतात. यात संकोचण्यासारखं काही नाही.

प्रश्न (वास्को): माझे पती क्रूझ जहाजावर आहेत. साइन-ऑनला, म्हणजे जहाजावर रुजू व्हायला, कधी मायामी, कधी बार्सिलोना. तिकीट मॅनिंग एजंट, म्हणजे जहाजासाठी माणसं भरणारा, पाठवतो. दिराचं म्हणणं, एवढ्या लांबच्या प्रवासावर गोल्ड कार्ड सहज मिळतं आणि मग सामान जास्त नेता येतं. खरं आहे का?

उत्तर: गोव्यातून दर वर्षी जहाजावर जाणाऱ्या तारवटींची संख्या पाहता हा प्रश्न बऱ्याच घरांतला आहे, म्हणून हिशेब मांडून दाखवतो.

गोवा-मुंबई-फ्रँकफर्ट-मायामी असा मार्ग धरा. गोवा-मुंबई 265 मैल, मुंबई-फ्रँकफर्ट सुमारे 4,080, फ्रँकफर्ट-मायामी सुमारे 4,800. एका बाजूला साधारण 9,150 मैल. करार सहा-आठ महिन्यांचा आणि मधे दोनएक महिने घरी, असं धरलं तर बारा महिन्यांत सरासरी दोन-तीन एकेरी प्रवास पडतात. पूर्ण 100 टक्के मिळाले तरी तिनांचे 27,500. वर दिलेल्या क्रिसफ्लायरच्या मापाने सिल्व्हर झालं. गोल्डला 50,000 लागतात. अक्षर 50 टक्केवालं निघालं तर सिल्व्हरही नाही. आणि हे तिन्ही प्रवास एकाच गटातल्या कंपन्यांनी झाले तर! एजंट त्या दिवशीचं सोयीचं तिकीट काढतो: जाताना दोहावरून, येताना फ्रँकफर्टवरून. दोहावाली कंपनी वनवर्ल्ड या गटात, फ्रँकफर्टवाली स्टार अलायन्समध्ये. दोन्हींची बेरीज होत नाही.

त्यात जहाजी तिकिटाची गंमत वेगळी. हे खलाशांसाठीचं खास भाडं असतं, सर्वसामान्यांना विकत नाहीत. सीडीसी (खलाशाचं नोंदणीपुस्तक) आणि कंपनीचं पत्र दाखवल्याशिवाय चालत नाही. काही योजना अशा खास भाड्यांवर नेहमीसारखे माइल्स देतात, काही ‘ग्रुप, एजंट व विशेष भाडी वगळून’ या एका ओळीत त्यांना बाहेर काढतात. अक्षर पात्र दिसलं तरी ही ओळ वाचायलाच हवी. दावा नाकारतात तो इथे.

आता सामान. सामानासाठी गोल्ड हवं असेल तर आधी हातातलं तिकीट वाचा. जहाजी भाड्यात सामानाची सवलत बहुधा आधीच वाढीव असते, 40 किलो किंवा 23 किलोचे दोन नग अशी. अमेरिकेच्या मार्गावर वजनापेक्षा नग मोजतात. तिथे एकाच बॅगेत 30 किलो कोंबले तर एकूण मर्यादेत असूनही जास्तीचे पैसे पडतात. आमसुलं, सुकी सुंगटां, लोणच्याची बरणी असं सगळं एका बॅगेत न घालता दोन बॅगांत वाटा. स्टार गोल्डला, म्हणजे स्टार अलायन्सच्या गोल्डला, वरून 20 किलो किंवा एक नग जास्त मिळतो हे खरं. पण स्टार सिल्व्हरला गटभर मिळतं काय, तर प्रतीक्षायादीत आणि स्टँडबायमध्ये वर नंबर. जहाज पकडायला निघालेल्या माणसाचं तिकीट आधीच पक्कं असतं. त्याला त्याचा काही उपयोग नाही.

तेव्हा दिरांना सांगा, कार्डामागे धावू नका. मात्र प्रत्येक गटात एक असं एकेक खातं जरूर उघडा आणि प्रत्येक प्रवासात क्रमांक घाला. पायरी नाही मिळाली तरी खर्चायचे माइल्स साठतात, आणि दोन-तीन करारांनंतर त्यातून गोवा-मुंबईसारखं छोटं तिकीट निघू शकतं. माइल्सची मुदत मात्र बघा. काही ठिकाणी तीन वर्षांत जातात, काही ठिकाणी खात्यात हालचाल राहिली तर टिकतात.

प्रश्न (म्हापसा): क्रेडिट कार्डाचे पॉइंट्स विमान कंपनीत वळवले तर गोल्ड मिळेल का? दीड लाख पॉइंट्स पडून आहेत.

उत्तर: नाही. वळवलेले पॉइंट्स खर्चायच्या खात्यात पडतात, पायरीच्या नाही. दीड लाख वळवून मग हे कळलं असे लोक आहेत, आणि वळवलेले पॉइंट्स परत बँकेत येत नाहीत. तिकीट हवं असेल तरच वळवा. तेही सीट उपलब्ध आहे हे पाहून.

प्रश्न (मूळ गोव्याचे, सध्या दोहा): कतार एअरवेजच्या प्रिव्हिलेज क्लबमध्ये गेल्या वर्षी 161 क्यूपॉइंट्स करून सिल्व्हर झालो. यंदा 128 झालेत आणि महिनाभरच उरलाय. सिल्व्हरला 150 लागतात, म्हणजे 22 कमी. चवथीला घरी येऊन गेलो, आता पुन्हा एकदा उगाच एखादी फेरी मारू का?

उत्तर: थांबा, तिकीट काढू नका. 150 हा आकडा नव्याने सिल्व्हर होणाऱ्यांसाठी आहे. गोल्डला 300, प्लॅटिनमला 600. आधीच सिल्व्हर असलेल्याला टिकवायला कमी लागतात: बारा महिन्यांत 135. म्हणजे तुम्हाला 22 नव्हे, सातच कमी आहेत. आणि त्याहून महत्त्वाचं, टिकवण्याचा दुसरा मार्गही आहे: चोवीस महिन्यांत 270. तुमचे 161 आणि 128 मिळून 289 होतात. हे दोन्ही आकडे खरोखर त्या चोवीस महिन्यांच्या आत बसत असतील तर काम आधीच झालेलं आहे.

बसतात का, हे मात्र ॲपच्या पहिल्या पानावर कळणार नाही. खात्याच्या हालचालींची यादी उघडा आणि एकेक उड्डाण तारखेनिशी पाहा. तारीख प्रवासाची धरतात, बुकिंगची नाही. मागच्या वर्षीचं एखादं उड्डाण चोवीस महिने सुरू होण्याच्या आठवडाभर आधीचं असेल तर ते गळतं, आणि 289 चे 260 व्हायला तेवढं पुरतं. आणखी एक अट असते: क्यूपॉइंट्सपैकी किमान 20 टक्के किंवा चार सेक्टर कतार एअरवेजच्याच विमानाने. दोहा-गोवा ये-जा दोनदा झाली की चार सेक्टर होतात, तेव्हा तुमची अडचण तिथे नसावी. वनवर्ल्डमधल्याच दुसऱ्या कंपनीने फिरून पॉइंट्स जमवणाऱ्याला मात्र ही अट आडवी येते.

आणि समजा सात खरोखरच कमी पडले? तेव्हाही आधी किंमत करा. सिल्व्हर म्हणजे वनवर्ल्ड गटाच्या पायऱ्यांत रुबी. गटातल्या इतर कंपन्यांकडे तिला प्राधान्याचं चेक-इन मिळतं, लाउंज नाही. लाउंज सफायरपासून, म्हणजे तुमच्या गोल्डपासून. पुढच्या वर्षी कामानिमित्त युरोपच्या दोन-तीन फेऱ्या नक्की असतील तर सिल्व्हर जाऊ दिलं तरी गोल्डची मोजणी थांबत नाही. एका पायरीसाठी रिकामी फेरी मारायची तर ती पायरी वरच्या वर्गाची हवी आणि कमतरता एका फेरीची हवी. दोन्ही नसेल तर त्या पैशांत मानकुराद आंब्याच्या दिवसांत घरी यायचं तिकीट काढलेलं बरं.

प्रश्न (डिचोली): पासपोर्टवर आमचं आडनाव जुन्या पोर्तुगीज वळणाच्या स्पेलिंगने आहे, बँकेत आणि इतरत्र नेहमीच्या. विमान कंपनीचं खातं बँकेसारखं उघडलं. आता तीन प्रवासांचे माइल्स आलेच नाहीत.

उत्तर: येणारही नाहीत. माइल्स आपोआप पडतात तेव्हा माणूस काही बघत नाही. तिकिटावरचं नाव आणि खात्यावरचं नाव संगणक जुळवतो. नाईकचं स्पेलिंग एकीकडे ‘के’ने संपतं आणि दुसरीकडे ‘क्यू-यू-ई’ने, की संगणकाच्या लेखी ती दोन माणसं. गांवकर ‘के’ने की ‘सी’ने, कामत की कामोतिम, प्रभू की पोरोब, हे गोव्यातल्या घराघरांतलं दुखणं इथे पैशांत मोजावं लागतं.

क्रम असा ठेवा: पासपोर्ट, मग तिकीट, मग खातं. तिकीट पासपोर्टप्रमाणेच असायला हवं, त्यात तडजोड नाही. म्हणून खातं बदलायचं, पासपोर्ट नव्हे. ग्राहकसेवेला पासपोर्टच्या पहिल्या पानाची प्रत जोडून नावदुरुस्तीची विनंती पाठवा. ती झाली की मगच राहिलेल्या तीन प्रवासांचा दावा घाला. उलट केलं तर दावा नाकारला जाईल, आणि नाकारलेला दावा पुन्हा उघडायला जास्त वेळ जातो. वैतागून दुसरं खातं उघडू नका. एका व्यक्तीला एकच खातं हा सगळीकडचा नियम आहे, आणि दुसरं सापडलं तर दोन्ही गोठवू शकतात.

मधल्या नावाची मात्र फार काळजी नको. तिकिटावर पहिलं नाव आणि वडिलांचं नाव एकमेकांना चिकटून, शेवटी मिस्टर-मिसेस लागून छापलं जातं. त्याने सहसा अडत नाही. अडतं ते आडनावाने. 1990 च्या गोव्याच्या नावबदल कायद्याखाली ज्यांनी नाव बदलून घेतलंय, किंवा लग्नानंतर ज्यांचा पासपोर्ट बदललाय, त्यांनी नवा पासपोर्ट हातात आला की पुढचं तिकीट काढण्याआधी खातं बदलून घ्यावं.

प्रश्न (साखळी): एका परदेशी कंपनीच्या प्रवासाचे माइल्स तीन महिने झाले तरी जमा नाहीत. पीएनआर पाठवला तर ‘पुरावा अपुरा’ असं उत्तर आलं.

उत्तर: पीएनआर म्हणजे सहा अक्षरी बुकिंग क्रमांक, तो प्रवास केल्याचा पुरावा नाही. त्यांना हवा असतो ई-तिकीट क्रमांक, 13 आकड्यांचा. पहिले तीन आकडे कंपनीचे: 098 एअर इंडिया, 157 कतार, 176 एमिरेट्स, 220 लुफ्तान्सा, 618 सिंगापूर एअरलाइन्स. हा क्रमांक तिकिटाच्या पावतीवर असतो, ॲपमध्ये पुष्कळदा दिसत नाही. एजंटाकडून आलेल्या कागदावर नसेल तर त्याच्याकडे तेवढाच मागा.

दुसरा पुरावा बोर्डिंग पास. काउंटरवर मिळणारा पास उष्णतेने छापलेला असतो. आपल्या पावसाळ्यातल्या दमट हवेत, पाकिटात घामाने ओलावला की दोन महिन्यांत कोरा. विमानात बसल्याबसल्या फोटो काढून ठेवा. त्यात नाव, उड्डाण क्रमांक, तारीख, सीट आणि क्लासचं अक्षर स्पष्ट दिसलं पाहिजे. मोबाइलमधला पास उतरल्यावर ॲपमधून गायब होतो, म्हणून आधीच स्क्रीनशॉट घ्या. माइल्स खात्यात पडेपर्यंत काहीही फेकू नका.

दावा कुठे घालायचा? जिचे सभासद आहात तिच्या संकेतस्थळावर; जिने उडवलं तिच्याकडे नाही. मुदत बहुतेक योजनांत सहा महिन्यांची असते, तेव्हा तुमच्याकडे वेळ आहे, पण फार नाही. दावा घालण्याआधी तिकिटावर ‘ऑपरेटेड बाय’ अशी ओळ आहे का बघा. क्रमांक एका कंपनीचा आणि विमान दुसरीचं असेल तर काही योजना विकणाऱ्या कंपनीचा तक्ता लावतात, काही उडवणाऱ्या कंपनीचा. उडवणारी कंपनी भागीदार नसेल तर तिथे शून्य येऊ शकतं.

यात एक प्रकार लोकांना माहीत नसतो. विमान रद्द होऊन तुम्हाला दुसऱ्या कंपनीच्या विमानात बसवलं, तर नव्या तिकिटावरचं अक्षर वेगळं असतं आणि माइल्स येत नाहीत किंवा चिमूटभर येतात. अशा वेळी ज्या कंपनीने मूळ तिकीट विकलं तिच्याकडे ‘मूळ मार्गाचे माइल्स द्या’ असं लिहून मागायचं, जुनं आणि नवं अशी दोन्ही तिकिटं जोडून. मागितलं तर पुष्कळदा देतात. न मागता कोणी देत नाही.

प्रश्न (मडगाव): मुलगा ब्रिटनमध्ये असतो. आम्ही दोघं वर्षातून एकदा ब्रिटिश एअरवेजने जातो. पूर्वी सिल्व्हर मिळवणं सोपं होतं म्हणे, आता?

उत्तर: आता अवघड. 31 मार्च 2025 पर्यंत तिथे अंतर आणि वर्ग पाहून ठरलेले टियर पॉइंट्स मिळत, आणि सिल्व्हरला 600 पुरत. विचार करून काढलेल्या बिझनेसच्या दोन फेऱ्यांत ते जमायचं. आता एका पौंडाला एक पॉइंट, आणि सिल्व्हरला 7,500, ब्राँझला 3,500, गोल्डला 20,000. मोजणी 1 एप्रिल ते 31 मार्च. सरकारी कर आणि विमानतळाचे आकार यात धरत नाहीत, म्हणजे प्रत्यक्ष खर्च याहूनही जास्त. वर्षातून एकदा जाणाऱ्यांनी तो विचार सोडावा. नवरा-बायकोचे पायरीचे पॉइंट्स एकत्रही करता येत नाहीत. घरच्यांचं एकत्र खातं असतं ते फक्त ॲव्हिऑस या खर्चायच्या पॉइंट्ससाठी.

ते ॲव्हिऑस मात्र ब्रिटिश एअरवेज आणि कतार या दोन खात्यांत इकडून तिकडे हलवता येतात. त्याचा उपयोग करा.

प्रश्न (पर्वरी): फेसबुकवर जाहिरात आली: एका कंपनीचं कार्ड दाखवा, पैसे भरा, दुसरीचं गोल्ड घ्या. फसवणूक असेल का?

उत्तर: स्टेटस मॅच हा खरा प्रकार आहे. प्रतिस्पर्ध्याचं गिऱ्हाईक ओढायला कंपन्या तो करतात, काही त्यासाठी पैसेही घेतात. जाहिरातीतल्या दुव्यावरून कधी जाऊ नका. कंपनीच्या स्वतःच्या संकेतस्थळावर ती योजना दिसली तरच पुढे. आणि अटी नीट वाचा: मिळणारी पायरी तीन-चार महिन्यांचीच असू शकते आणि टिकवायला त्यात ठरावीक उड्डाणं लागतात. बहुतेक कंपन्या ही संधी एकदाच देतात. म्हणून ज्या वर्षी प्रवास खरोखर ठरलेला आहे त्या वर्षासाठी ती राखून ठेवा.

प्रश्न (काणकोण): स्टार गोल्ड आहे. मोपावरून एअर इंडिया एक्स्प्रेसने जाताना लाउंजमध्ये सोडलं नाही. कंपनी तर एअर इंडियाचीच ना? आणि आम्हाला मोपाला पोचायलाच अडीच तास लागतात. गोल्डवाल्यांसाठी काउंटर उशिरा बंद होतो का?

उत्तर: मालक एक असला तरी स्टार अलायन्सची सभासद एअर इंडिया आहे, एक्स्प्रेस नाही. गटाचा हक्क उडवणाऱ्या कंपनीवर ठरतो. लाउंजसाठी त्याच दिवशीचं, गटातल्याच कंपनीचं विमान लागतं. तेव्हा वर्ग कुठलाही चालतो आणि त्याच विमानाने जाणारा एक सोबती नेता येतो. एक्स्प्रेसने जाताना बँकेच्या कार्डावर लाउंज मिळतो का बघा, पण हल्ली बऱ्याच बँकांनी आधीच्या तिमाहीत ठरावीक खर्चाची अट घातली आहे, ती घरूनच तपासून निघा.

काउंटर कोणासाठीही उशिरा बंद होत नाही. गोल्डने रांग लहान होते, घड्याळ नाही. आणि हुकलेल्या पहिल्या विमानाची किंमत तुम्हाला दुहेरी पडते: त्याच तिकिटावरचे पुढचे सेक्टर आपोआप रद्द होतात, आणि न उडालेल्या सेक्टरचे पॉइंट्सही मिळत नाहीत. काणकोणहून मोपा शंभर किलोमीटरच्या आसपास पडतं, मध्ये मडगाव आणि पणजी. तिकीट काढतानाच विमानतळाची तीन अक्षरं बघा: जीओआय म्हणजे दाबोळी, जीओएक्स म्हणजे मोपा. शोधताना नुसतं ‘गोवा’ घातलं की दोन्ही एकत्र येतात आणि स्वस्त दिसणारं मोपाचं निघतं. टॅक्सीचे पैसे मिळवून मग तुलना करा. पहाटेचं विमान असेल तर कदंबच्या बसची वेळ आदल्या दिवशी विचारून ठेवा.